गाद्यांचा दौरा

हिमायतनगर, हैदराबाद
सोमवार, २० जानेवारी २०२५

सुजाता,

जय भीम. आधी 'सप्रेम' लिहिलं होतं. मग खोडलं. मग वाटलं, खोडलेलं दिसलं तर तू त्याचा भलताच अर्थ काढशील, म्हणून कागदच बदलला. तू माझा नंबर ब्लॉक केलास आणि फोन हर्षदने काढून घेतला, त्यामुळे पोस्टाशिवाय मार्ग राहिला नाही. लग्न ठरल्यावर तुला नांदेडला पत्रं लिहायचो, त्यानंतर एकतीस वर्षांनी हे पहिलं. अक्षर होतं तेवढंच वाईट आहे.

हर्षद आठवतो ना? दीक्षाबरोबर अकरावी-बारावीला होता आणि दिवाळीत आपल्याकडचा शंकरपाळ्यांचा डबा एकटा संपवायचा. आता वकील आहे, आणि माझा अटकपूर्व जामिनाचा अर्ज त्यानेच दाखल केला आहे. अर्ज छान लिहिलाय. वाचून मलाच माझ्याबद्दल आदर वाटायला लागला. 'अर्जदार संभाजी नरवाडे, वय साठ, वसतिगृह कल्याण मंडळात तपासणी अधिकारी, छत्तीस वर्षांची निष्कलंक सेवा, निवृत्तीला आठ महिने.' त्यापुढे आरोप. मुलींच्या बारा वसतिगृहांत गाद्या घेण्यासाठी सरकारी निधी आला. गाद्या घेतल्या एका वसतिगृहापुरत्या. मग प्रत्येक तपासणीच्या आदल्या दिवशी त्याच गाद्या ट्रकमध्ये घालून पुढच्या वसतिगृहात नेऊन अंथरल्या, आणि तपासणी अधिकाऱ्याने, म्हणजे मी, अकरा ठिकाणी 'गाद्या समाधानकारक' असा शेरा मारून सही केली. बारावं वसतिगृह तुझं. बायकोच वॉर्डन म्हणून ते नियमाप्रमाणे दुसऱ्या अधिकाऱ्याने तपासलं. शेवटी साक्षीदारांची यादी. क्रमांक एक: सुजाता संभाजी नरवाडे, निवृत्त वॉर्डन.

साक्षीदाराच्या नावात आरोपीचं नाव मधोमध बसलेलं पाहून हर्षद म्हणाला, "साहेब, असली केस आम्हाला शिकवलीच नाही."

तू डिसेंबरात चौकशी पथकाला जबाब दिलास आणि मला ते कळलं गुन्हा दाखल झाल्यावर, तेही टीव्हीवर. याचा मला अजून राग आहे. घरात भाजी काय आणायची हेही तू मला विचारतेस, आणि एवढी गोष्ट सांगितली नाहीस? तू म्हणशील, नऊ वर्षं सांगतच होते. हो, सांगत होतीस. "गाद्या काल आल्या, उद्या जाणार," असं तू जेवताना म्हणायचीस आणि मी म्हणायचो, ऑफिस घरात नको. नांदेडला निघताना बॅग उचलून तू जे बोललीस ते मला पाठ आहे. "तुम्ही काय पाहिलंत ते एकदा खरं सांगा. मग मी परत यायचं बघते." मी म्हणालो, मी काहीच पाहिलं नाही. आजही तेच म्हणतो. गादी ही गादीसारखी दिसते. तिच्या तोंडावर काही लिहिलेलं नसतं.

सध्या मी दीक्षाच्या फ्लॅटवर लपलो आहे. लपण्याचे नियम तिने फ्रिजवर लावले आहेत. बाल्कनीत जायचं नाही, बेल वाजली तर बाथरूममध्ये जायचं, मोठ्याने शिंकायचं नाही. माझी शिंक तुला माहीत आहे. काल दोन शिंका आल्या आणि आज सकाळी वॉचमनने लिफ्टमध्ये दीक्षाला विचारलं, "मॅडम, ऊपर वो भागे हुए साब की तबीयत ठीक है?"

हे पत्र दीक्षाच्या टेबलावर उघडं पडलेलं असतं, पण तिला मराठी धड वाचता येत नाही. तू जामबागेतल्या मराठी शाळेत घालू म्हणत होतीस, मी इंग्रजीचा हट्ट धरला. तो असा उपयोगी पडेल असं वाटलं नव्हतं.

संभाजी

(फरार)


हिमायतनगर
शुक्रवार, २४ जानेवारी

सुजाता,

पहिलं पत्र मी स्वतः पोस्टात टाकलं. दीक्षाची माकडटोपी घालून, मफलर नाकापर्यंत ओढून आबिड्सच्या मोठ्या पोस्टात गेलो. जानेवारीत हैदराबादेत अकरा वाजता माकडटोपी घालणारा माणूस एकटाच असतो हे तिथे गेल्यावर लक्षात आलं. काउंटरवरच्या मुलीने पाकिटावरचं नाव वाचलं, मग माझ्याकडे बघितलं आणि जोरात म्हणाली, "अरे, नरवाडे सार! आप टीवी पे आए थे ना परसों?"

रांगेतले सगळे वळले. मी म्हणालो, हळू बोल, अम्मा.

ती स्वरूपा. तुझ्या वसतिगृहात पाच वर्षं होती म्हणे. तू तिला गणितासाठी पहाटे उठवायचीस, तिला कांजिण्या झाल्या तेव्हा तू घरून भात आणायचीस, सगळं सांगितलं. पत्र तोलून झालं, शिक्का मारून झाला, तरी ती बोलतच होती. "सुजाता मॅडम को बोलो, स्वरूपा पर्मनंट हो गई." मग हसत हसत म्हणाली, "सार, वो गद्दे का केस है ना? हमारे टाइम पे भी आते थे, जाते थे. इन्स्पेक्शन की रात को हम लोगाँ सोते इच नै थे, खाली लोटते थे." लोळून घ्यायच्या म्हणे सगळ्या, कारण दुसऱ्या दिवशी गाद्या जाणार. तिला ती मजा वाटत होती. मी पाकिटाचे पैसे दिले आणि सुट्टे न घेताच निघालो.

असो. हर्षदची नवी युक्ती ऐक. त्याचं म्हणणं, जामिनाला आजारपण लागतं. आमच्या खरेदी विभागातला उदय, ज्याच्या सहीने गाद्यांचं बिल निघालं, त्याला गुन्हा दाखल झाल्याच्या दिवशीच छातीत दुखायला लागलं आणि तो एका खासगी दवाखान्यात एसी खोलीत पडून आहे. मलाही काही तरी दुखायला हवं. म्हणून हर्षदने माझी डोक्यापासून पायापर्यंत तपासणी करवली. रक्तदाब उत्तम. साखर ब्याण्णव. डॉक्टर म्हणाला, या वयात असं हृदय मी पाहिलं नाही. रिपोर्ट वाचून हर्षदने कपाळावर हात मारला. "साहेब, गुडघे तरी?" मी म्हणालो, रोज सकाळी पाच किलोमीटर चालतो. "चालणं बंद करा ना, साहेब! कायको चालता?"

तुझ्या नाचणीच्या भाकरीने माझी केस बिघडवली आहे.

आता एक गोष्ट सांगतो आणि ती इथेच राहू दे. मी एक पैसा घेतलेला नाही. तुला हे माहीत आहे, पण माहीत असूनही तू जबाबात ते सांगितलं नाहीस म्हणून मी आतल्या आत चिडलो होतो. मग काल विचार करत बसलो की पैसा घेतला नाही, तर मग काय घेतलं? नऊ वर्षांत माझी एकदाही बदली झाली नाही. माझ्याबरोबरचे सगळे आदिलाबाद, भद्राचलम फिरून आले. उदय दरवर्षी मे महिन्यात फोन करायचा. "नरवाडेसाब, आपका नाम लिस्ट से निकलवा दिया." मी थँक्स म्हणायचो. का निकलवा दिया, हे मी कधी विचारलं नाही. दीक्षाचं कॉलेज होतं, तुझं वसतिगृह इथे होतं, घराचं कर्ज होतं. मला बदलीची भीती वाटायची, सुजाता. एवढंच घेतलं मी. हैदराबाद घेतलं.

म्हणजे मी काही पाहिलं असं नाही. न विचारणं आणि पाहणं यात फरक आहे.

संभाजी


जामबाग
बुधवार, २९ जानेवारी

सुजाता,

घरी आलो. काल कोर्टाने अंतरिम आदेश दिला: १० फेब्रुवारीच्या सुनावणीपर्यंत अटक करायची नाही. माकडटोपी दीक्षाला परत केली. तिने ती धुवायला टाकली.

फाटकातच आपल्या ठाण्याचा कॉन्स्टेबल भेटला. दहा दिवस तो मला शोधायला इथे येत होता आणि शेजारच्या काकू त्याला रोज चहा देत होत्या. आता शोधायचं कारण संपलं म्हणून त्याचा चेहरा उतरलेला होता. "सार, कल से इधर डूटी नै," म्हणाला आणि काकूंना नमस्कार करून गेला.

घर बंद होतं म्हणून धूळ बसली आहे. तुळस मेली. गॅसचं बुकिंग तुझ्या नंबरवर आहे, त्याचा ओटीपी तुला येतो, त्यामुळे सिलिंडर संपला की मीही संपलो. कुकर लावला तर शिट्ट्या किती झाल्या ते मी विसरलो आणि डाळीचा काढा झाला. लोणच्याची बरणी सापडली, पण तिचं झाकण तू एवढं घट्ट लावून गेली आहेस की मला त्यात तुझा हेतू दिसतो. मला तुझी आठवण येते. हे सरळच लिहितो, कारण वळसे घेऊन लिहिण्याइतकं माझं मराठी चांगलं नाही.

आता पुढचं वाच आणि मग हवं तर कागद फाड.

मी पाहिलं होतं.

दोन वर्षांपूर्वीचा नोव्हेंबर. पहिल्या वसतिगृहात मी पलंगावर बसून तपासणीचा अहवाल लिहीत होतो. माझं हिरव्या शाईचं पेन गळलं. राजपत्रित अधिकारी म्हणून हिरव्या शाईने सही करायची माझी हौस तुला माहीत आहे, तू तिच्यावर हसायचीस. गादीवर आंब्याएवढा हिरवा डाग पडला. मी वॉर्डनची माफी मागितली. ती म्हणाली, काही नाही सार, धुऊन टाकू. अकरा दिवसांनी मी तिसऱ्या वसतिगृहात गेलो. तिकडून इकडे साठ किलोमीटर. खिडकीजवळचा पलंग, त्यावर गादी, आणि गादीवर माझा डाग.

मी ओळखला. आपला डाग माणूस ओळखतो. वॉर्डन दारात उभी होती, तिचं लक्ष माझ्याकडे होतं. मी काय केलं सांगू? मी त्या डागावर बसलो. नीट, मधोमध, झाकून जाईल असा बसलो, आणि तिथे बसूनच 'गाद्या समाधानकारक' असं लिहिलं. त्याच पेनने.

तिथे एक लहान मुलगी होती, सातवी-आठवीतली असेल. मी उठलो तेव्हा तिने डाग पाहिला की नाही कोण जाणे. पण तिने विचारलं, "सार, ये गद्दे कल बी रहते क्या?"

मी म्हणालो, "हाँ, बेटा."

त्यानंतर आठ वसतिगृहं झाली. प्रत्येक ठिकाणी मी आधी तो डाग शोधायचो आणि त्याच्यावर जाऊन बसायचो. चार ठिकाणी सापडला. घरी आल्यावर तू जेवायला वाढायचीस आणि "आमच्याकडून आज गाद्या गेल्या" म्हणायचीस, आणि मी म्हणायचो, ऑफिस घरात नको. तू विचारलंस तेव्हा काहीच पाहिलं नाही म्हणालो ते तोंडावर खोटं बोललो. मला त्याची लाज वाटते. कोर्टात मी हे सांगेन की नाही माहीत नाही. मला अटकेची खूप भीती वाटते. साठाव्या वर्षी चंचलगुडाच्या तुरुंगात जमिनीवर झोपायचं, या विचाराने मला घाम फुटतो. जमिनीवर झोपायचं, हे लिहिलं आणि पेन थांबलं.

पण तुला सांगितलं. तू 'एकदा खरं सांगा' म्हणाली होतीस, म्हणून.

तुझा
संभाजी


जामबाग
मंगळवार, ४ फेब्रुवारी

सुजाता,

आणि नामदेवराव, तुम्हालाही जय भीम!

कारण आता मला कळलं आहे की माझी पत्रं कोण वाचतं. काल दीक्षाने आजीला फोन केला होता. तुझ्या आईने दीक्षाला मोठ्या अभिमानाने सगळं सांगितलं. तू म्हणे माझी पाकिटं फोडलीच नाहीस, कपाटावर टाकून दिलीस. पण भागूबाईंना जावयाचं पत्र न वाचता राहवेना. स्वतःला वाचता येत नाही, म्हणून त्यांनी शेजारच्या निवृत्त हेडमास्तर नामदेवरावांना बोलावलं. नामदेवरावांचा आवाज खणखणीत. ओट्यावर वाचन सुरू झालं. पहिल्या पत्राला चार माणसं होती, तिसऱ्याला अर्धी गल्ली. फरारवाल्या सहीला म्हणे हशा झाला. तू आत भाजी चिरत होतीस. दीक्षाने विचारलं, "मग आई ऐकत होती का?" तर आजी म्हणाली, "तिसऱ्या पत्राला चिरायचा आवाज थांबला होता."

हे वाक्य मी दीक्षाकडून तीनदा म्हणवून घेतलं.

पण पुढचं ऐक. शनिवारी चौकशी पथकाचे अधिकारी तुझा पुरवणी जबाब घ्यायला नांदेडला आले. तू आत कागद शोधत होतीस. तेवढ्यात भागूबाईंनी त्यांना चहा दिला, चिवडा दिला, आणि म्हणाल्या, "साहेब, आमचा जावई चांगला आहे हो. बघा किती चांगली पत्रं लिहितो. सगळं कबूल करतो." आणि तिन्ही पत्रं त्यांच्या हातात दिली! सोबत न्या म्हणाल्या. चांगल्या वर्तनाचा दाखला म्हणून!

मी रागावलो नाही. म्हणजे तासभर रागावलो होतो, घरात येरझारा घातल्या, लोणच्याची बरणी आपटली, त्यात झाकण उघडलं. मग मला हसू आलं. माझ्या साठ वर्षांत माझी बाजू घेऊन एवढ्या ठामपणे कुणी बोललं नव्हतं, आणि ज्या बाईने घेतली तिने मला आत टाकायची व्यवस्था केली.

हर्षदला मात्र हसू आलं नाही. तो बोलता बोलता हिंदीवर गेला, म्हणजे प्रकरण गंभीर. "साहेब, तुम्ही साक्षीदाराला लेटरं लिहिली? तीन? और उसमें कन्फेशन? इतना हौला, पागल काम कोई करता क्या?" मी म्हणालो, साक्षीदाराला नाही, बायकोला लिहिली. तो म्हणाला, "वोइच तो!" मग पुस्तकं काढून बसला. दोन तासांनी त्याचा चेहरा उजळला. कायद्यात म्हणे नवरा-बायकोने लग्न टिकून असताना एकमेकांना जे सांगितलं, ते ज्याने सांगितलं त्याच्या संमतीशिवाय कोर्टासमोर आणता येत नाही. म्हणजे मी 'नाही' म्हणालो की पत्रं कोर्टापुरती मेली. डाग मेला. मी वाचलो. मला फक्त एक शब्द बोलायचा आहे.

तुझ्याशी लग्न केल्याचे फायदे मी आजवर पुष्कळ मोजले, त्यात हा धरला नव्हता.

नामदेवराव, आता पुढची दोन वाक्यं मोठ्याने वाचू नका, कागद आत नेऊन द्या. सुजाता, घोरण्यामुळे तू मला अधूनमधून हॉलमध्ये झोपायला पाठवायचीस, तेव्हा मी चिडायचो. आता सगळं घर माझं आहे आणि कुठेच झोप येत नाही.

संभाजी


कोर्टाचं कँटीन
सोमवार, १० फेब्रुवारी, दुपार

सुजाता,

घाईत लिहितोय. कारण शेवटी कळेल. हर्षद मागे उभा राहून घड्याळ बघतोय, पण दीक्षासारखं त्यालाही मराठी बोलता येतं, वाचता येत नाही.

आज सुनावणी झाली. सरकारी वकिलांनी उठल्या उठल्या तिन्ही पत्रं वर धरली. म्हणाले, आरोपी साक्षीदारावर दबाव आणतोय, पत्रांवर पत्रं पाठवतोय, जामीन देऊ नये. न्यायाधीश मॅडमनी विचारलं, पत्रात लिहिलंय काय? ते म्हणाले, मराठीत आहेत, भाषांतर व्हायचंय. मॅडम म्हणाल्या, मग दबाव आहे हे तुम्हाला कसं कळलं? मागे कुणीतरी हसलं. तेवढ्यात हर्षद उठला आणि त्याने ती कलमं काढली. पती-पत्नी, संमती, सगळं. छान बोलला. शंकरपाळे वसूल झाले. सरकारी वकील म्हणाले, पण पत्नी तर घर सोडून गेली आहे! तेव्हा मॅडमनी चष्म्यावरून माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "तुमचं लग्न अजून आहे ना?"

मी उभा राहिलो. म्हणालो, "माझं आहे, मॅडम. तिचं तिला विचारावं लागेल."

सगळं कोर्ट हसलं. मीही हसलो. मग मॅडम म्हणाल्या, पत्रं वाचायला तुमची संमती आहे का? हर्षद माझ्या बाहीला ओढत होता. एक शब्द, साहेब, एक शब्द. आणि मला काय झालं ते मी तुला सांगतो. माझ्या डोक्यात आलं की मी आजवर कशाकशाच्या मागे लपलो. नियमाच्या मागे लपलो, ऑफिस घरात नको म्हणून लपलो, दीक्षाच्या बाथरूममध्ये लपलो, एका डागावर बसून लपलो. आता तुझ्या मागे लपायचं? तुझं नाव पुढे करून? तू ज्याच्यामुळे घर सोडलंस तेच तुझ्या आड लपवायचं? मला ते जमेना. खरंच जमेना, यात काही मोठेपणा नाही.

मी म्हणालो, "संमती आहे. वाचा."

हर्षद खाली बसला आणि डोकं फायलीवर टेकवलं.

पण वाचणार कोण? मराठी वाचता येणारं कोर्टात कुणी नव्हतं. शेवटी मागच्या बाकावरून एक तरुण वकील उठली. योगिनी नाव, पुण्याची, नवऱ्याच्या नोकरीमुळे इथे आलेली, तिची दुसरीच केस होती. तिने मोठ्याने वाचून इंग्रजीत सांगायला सुरुवात केली. मधेच थांबून मला म्हणाली, "काका, इथे अनुस्वार हवा होता." साखर ब्याण्णव वाचलं तेव्हा मॅडमनी तोंडावर रुमाल धरला. कुकर, लोणचं, गॅसचा ओटीपी, सगळं रेकॉर्डवर आलं. सरकारी वकील वैतागून म्हणाले, यात दबाव कुठला तो सापडत नाही.

मग तिसरं पत्र आलं. योगिनीचा आवाज हळू झाला. त्या मुलीने विचारलेलं वाक्य तिने इंग्रजीत केलंच नाही, जसं होतं तसंच म्हटलं, ते सगळ्यांना कळलं. मी मान खाली घातली होती. मला रडू आलं आणि मी ते आवरलं नाही.

सरकारी वकील भानावर येऊन म्हणाले, मॅडम, ही तर कबुली आहे, ताबा द्या. मॅडम म्हणाल्या, जो माणूस सगळं लिहून देतोय, त्याला कोठडीत घालून तुम्हाला आणखी काय काढून घ्यायचंय? उदयचाही अर्ज आजच होता, त्याच्या वकिलाकडे बघून म्हणाल्या, आपण उरलेल्यांकडे वळू. उदयला संध्याकाळी दवाखान्यातून सोडतायत असं ऐकलं. त्याच्या हृदयाला अचानक बरं वाटलं म्हणे. मी उद्या चौकशी पथकापुढे जाऊन सगळं सांगणार आहे, त्याच्या मे महिन्याच्या फोनांसकट. मंडळ मला निलंबित करेल. निवृत्तीचे पैसे अडकतील. खटला चालेल आणि मला शिक्षाही होईल कदाचित. हर्षद म्हणतो होईलच. तो माझ्याशी फार कमी बोलतोय.

जामीन मिळाला, सुजाता. अटी अशा: दोन जामीनदार, पासपोर्ट जमा, दर सोमवारी ठाण्यात हजेरी. ठाण्यातला तो कॉन्स्टेबल खूश होईल. आणि चौथी अट मॅडमनी सांगितली तेव्हा त्या माझ्याकडे न बघता कागदाकडे बघत होत्या. साक्षीदार क्रमांक एकची साक्ष पूर्ण होईपर्यंत आरोपीने तिच्याशी बोलायचं नाही, फोन करायचा नाही, निरोप पाठवायचा नाही, आणि पत्र लिहायचं नाही.

साक्षीला किती दिवस लागतील, विचारलं. हर्षद म्हणाला, "वर्ष. दीड वर्ष. आपलं कोर्ट आहे, साहेब."

आदेश आत टाइप होतोय. चार पानांचा आहे. त्यावर मॅडमची सही झाली की मी बॉण्डवर सही करायची, आणि त्यानंतर तुला एक ओळ लिहिली तरी जामीन रद्द. म्हणून हे कँटीनमध्ये बसून लिहितोय. हर्षदला आधी पटत नव्हतं. मग म्हणाला, "चार पानं टाइप व्हायला जेवढा वेळ, तेवढाच. आणि साहेब, यावेळी कन्फेशन नक्को."

तेव्हा कबुली नाही, एक माहिती फक्त. मी हर्षदला दोनदा विचारून घेतलं. मी तुझ्याशी बोलायचं नाही, लिहायचं नाही, तुला शोधत नांदेडला यायचं नाही. सगळ्या अटी आरोपीवर आहेत. साक्षीदाराने काय करायचं, याबद्दल आदेशात एक अक्षर नाही. हर्षद म्हणाला, "अगर मॅडम खुद घर आ गए, तो आप चूप बैठना, बस." घर तुझंही आहे, नोंद दोघांच्या नावावर आहे, तुला तुझ्या घरात यायला कोर्ट अडवू शकत नाही.

मी बोलणार नाही. दीड वर्ष एक शब्द नाही. तू म्हणायचीस ना की हा माणूस कधी ऐकून घेत नाही?

टाइप झालं वाटतं, बेलिफ हाक मारतोय. तुझ्याकडची किल्ली तुझ्याकडेच आहे. आणि नसली तरी बेल वाजव. दार उघडायचं नाही, असं चारही पानांत कुठे लिहिलेलं नाही.

संभाजी